कृतीमागचा हेतू कसा पारखावा

माणूस जे काही करतो ते अखेर स्वतःसाठीच, असा मुद्दा चर्चेत निघाला की होकार किंवा नकार देण्याची घाई न करता आधी एखादी प्रत्यक्ष कृती समोर ठेवावी, कारण मोघम प्रश्नाला उत्तरही मोघमच मिळते. पुण्यात अनेक गणेश मंडळे रक्तदान शिबिरे भरवतात. तिथल्या एका रक्तदात्याचा विचार करू.

त्याला काय मिळते ते हातचे न राखता लिहून काढावे: प्रमाणपत्र, चहा-बिस्किटे, मंडळात चार माणसांत मान, मनाचे समाधान. पैसे घेऊन रक्त देण्यावर भारतात १ जानेवारी १९९८ पासून बंदी असल्याने मोबदला यादीत येत नाही. मग प्रत्येक नोंदीपुढे विचारावे, की हे मिळावे म्हणून त्याने रक्त दिले, की रक्त दिल्यावर हे मिळाले? खरा घोळ समाधानाच्या नोंदीपाशी होतो. जोसेफ बटलर या इंग्लिश धर्मोपदेशकाने १७२६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रवचनांत त्याची उकल केली आहे. भूकच नसेल तर जेवून तृप्ती होत नाही. तसेच दुसऱ्याचे भले व्हावे ही ओढ मुळात नसेल, तर ते झाल्याचे समाधान येणार कुठून?

पुढे, मदत न करताही सुटका होण्याची सोपी वाट होती का, ते पाहावे. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ डॅनियल बॅटसन यांनी १९८१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात सहभागींना एका तरुणीला विजेचे झटके बसत असल्याचे भासवले होते. तिच्याविषयी कळवळा वाटलेल्यांपैकी बहुतेकांनी, पुढचे पाहणे टाळून निघून जाण्याची मुभा असूनही, तिच्या जागी बसण्याची तयारी दाखवली. केवळ स्वतःची अस्वस्थता टाळायची असती, तर निघून जाणे पुरेसे होते.

मदतीची वृत्ती आपली जनुके पुढच्या पिढीत टिकावीत म्हणूनच घडली, असा उत्क्रांतीचा दाखला कोणी दिला, तर जनुकांचा लाभ आणि माणसाचा हेतू या दोन गोष्टी वेगळ्या ठेवाव्यात.

आता कसोटी अवघड उदाहरणाला लावावी. १८९७ च्या प्लेगमध्ये सावित्रीबाई फुले यांनी लागण झालेल्या मुलाला पाठीवरून दवाखान्यात नेले. त्याच रोगाने १० मार्चला त्यांचे निधन झाले. इथेही कीर्तीची हावच होती असे कोणी म्हणाल्यास, कोणता पुरावा मिळाला तर आपण हे मत सोडाल, असे त्याला शांतपणे विचारावे. "कोणताही नाही" असे उत्तर आले, तर त्याचे विधान माणसांच्या निरीक्षणातून आलेले नाही हे स्पष्ट करून चर्चा तिथेच थांबवावी.