जुन्या कॅसेटमधला घरच्यांचा आवाज उतरवताय? या चुका टाळा

ठाण्याच्या नौपाड्यात, पाचपाखाडीत एकेक जुनी इमारत रीडेव्हलपमेंटला जातेय आणि घरोघरचे माळे रिकामे होतायत. पितळेची भांडी निघतात, पाळणा निघतो आणि बुटाच्या खोक्यात भरलेल्या कॅसेट्स निघतात. गाण्यांच्या कॅसेट्स गेल्या तरी ती गाणी दुसरीकडे मिळतील. पण जिच्यावर बॉलपेनने ‘आजी – ओव्या’ लिहिलंय, तिची दुसरी प्रत कुठेच नाही. बरीच वर्षं मी इथे अशा कॅसेट्सचा आवाज कॉम्प्युटरवर उतरवून देतोय. माळ्यावर तीस वर्षं तग धरलेली कॅसेट खाली आल्यावर अर्ध्या तासात खराब झालेली बघितली की जीव तुटतो.

सापडली की लगेच लावून बघणं

ही सगळ्यात मोठी चूक आणि ती जवळजवळ प्रत्येक जण करतो. कॅसेटबरोबर माळ्यावरून टू-इन-वन, म्हणजे रेडिओ-कॅसेट प्लेअरही खाली येतो. पुसायचा, प्लग लावायचा, प्ले दाबायचं. त्यातला रबरी रोलर एवढ्या वर्षांत चिकट झालेला असतो. टेप पुढे सरकायच्या ऐवजी त्याला चिकटते आणि गुंडाळली जाते.

एका जुलैत कळव्याच्या एक ताई आल्या. त्यांचे वडील आखातात कामाला होते. तेव्हा फोन परवडत नसे, म्हणून गावी येणाऱ्या कुणाच्या तरी हाती ते कॅसेट भरून पाठवायचे. त्यातली ही एकच उरली होती. “दादा, एकदाच लावली हो,” त्या म्हणाल्या. मशीनने टेप खाल्ली, घाबरून भावाने ओढली. पिशवीतून काढली तेव्हा ती तपकिरी पट्टी निऱ्यांसारखी चुरगळली होती.

कॅसेटच्या खोक्याचे पाचही स्क्रू काढले, काचेवर टेप पसरली, सुती हातमोजे घालून बोटाने हळूहळू सरळ केली आणि नव्या खोक्यात भरली. चुरगळलेला तुकडा मोजला, ३३ सेंटिमीटर. कॅसेट सेकंदाला ४.७६ सेंटिमीटर धावते, म्हणजे सात सेकंद. वाजवल्यावर वडील म्हणतात, “गणपतीला येतो म्हटलं होतं, पण...” आणि पुढे सात सेकंद नुसती फडफड. मग स्वच्छ आवाजात, “...आईला त्रास देऊ नका.” ताईंना ती कॅसेट लहानपणापासून पाठ होती. त्या सात सेकंदांत वडिलांनी तिन्ही भावंडांची नावं घेतली होती.

माझी सवय सांगतो. कॅसेट आली की आधी तिच्या पारदर्शक खिडकीतून टॉर्च मारून बघतो. टेपच्या कडेवर पांढरी जाळी दिसली तर ती बुरशी. अशी कॅसेट मशीनमध्ये घालत नाही आणि मास्क लावल्याशिवाय उघडतही नाही, कारण ती बुरशी मशीनमधून पुढच्या कॅसेटला लागते आणि आपल्या छातीतही जाते. बाकीच्या कॅसेट्स स्टीलच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांबरोबर दहा-पंधरा दिवस ठेवतो. मग नटराज पेन्सिल चाकात घालून हाताने थोडी फिरवतो, कुठे अडकते का ते बोटाला कळतं. मशीनचं हेड, म्हणजे टेपवरचा आवाज वाचणारा भाग, आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसतो, रबरी रोलर साबणाच्या पाण्याने. शेवटी मशीनमध्ये एखादी टाकाऊ कॅसेट दहा मिनिटं चालवतो. ती नीट चालली तरच खरी कॅसेट आत जाते. पंधरा दिवस थांबायला लोक तयार नसतात, दुसऱ्याच दिवशी फोन येतो. मी तरीही घाई करत नाही.

उन्हात वाळवू नका. उन्हाने आवाज पुसला जात नाही, पण प्लास्टिक वाकतं आणि टेप ताणली जाते.

पाठची प्लास्टिकची जीभ न तोडणं

टेपच्या पट्टीवर आहे तरी काय? लोखंडाचं ऑक्साईड. आपल्या जांभ्या दगडाला लाल रंग देणारं हेमॅटाईट आणि कॅसेटमधलं गॅमा फेरिक ऑक्साईड यांचं रासायनिक सूत्र एकच, अणूंची मांडणी तेवढी वेगळी. त्या मांडणीमुळे कॅसेटमधल्या कणांत चुंबकत्व टिकतं. ३.८१ मिलिमीटर रुंदीच्या पट्टीवर सुईसारखे असंख्य कण चिकटवलेले असतात. आजी बोलली तेव्हा हे कण ज्या पद्धतीने चुंबकले, तसेच ते आजही आहेत. १९६३ साली फिलिप्सने ही कॅसेट आणली तीसुद्धा मुख्यतः बोलणं टिपायला. गाणी तिच्यावर नंतर आली.

पण चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं गेलं तर इरेज हेड ते सगळं पुसून टाकतं, आणि पुसलेलं कोणतंही सॉफ्टवेअर परत आणत नाही. कॅसेटच्या पाठच्या कडेला दोन छोट्या जिभा असतात, त्या आधी तोडा, म्हणजे रेकॉर्डचं बटण दाबलंच जात नाही. बाकी सगळं नंतर.

दबका आवाज तसाच रेकॉर्ड करणं

आवाज कांबळ्याखालून आल्यासारखा वाटला की लोक म्हणतात कॅसेट जुनी झाली. बहुतेक वेळा कारण दुसरंच असतं. ज्या मशीनवर भरली त्याचं हेड थोडं तिरकं होतं आणि तुमच्या मशीनचं तसं नाही. हेडशेजारी एक बारीक स्क्रू असतो. कॅसेट चालू ठेवून तो केसभर फिरवायचा. मी कान ‘श’ आणि ‘स’वर ठेवतो. ‘सासूबाई’तले दोन्ही ‘स’ कापल्यासारखे स्पष्ट आले की हात थांबवतो. प्रत्येक कॅसेटला हे नव्याने करावं लागतं. ऑनलाइन मिळणाऱ्या स्वस्त यूएसबी प्लेअरमध्ये हे नीट जमत नाही आणि त्यांचा वेगही डळमळतो, म्हणून मी ते कुणालाच सुचवत नाही. सर्व्हिस केलेला जुना कॅसेट डेक घ्या, नाहीतर ज्याच्याकडे आहे त्याच्याकडे जा.

आवाज मध्येच बसतो, परत येतो? टेपमागचा फेल्टचा तुकडा गळून पडलाय. भंगारातल्या कॅसेटचा काढून लावा.

सी-१२० ची, म्हणजे १२० मिनिटांच्या कॅसेटची टेप फार पातळ असते. ती फास्ट रिवाइंड करू नका.

खरखर पूर्ण काढून टाकणं

ऑडॅसिटी हे आवाज एडिट करायचं सॉफ्टवेअर नवीन शिकलेली मुलं हे हमखास करतात. खरखर शून्यावर आणायच्या नादात आजोबा विहिरीतून बोलल्यासारखे ऐकू येतात, शब्दांच्या कडा झिजून जातात. मूळ फाईल हात न लावता बाजूला ठेवा आणि तिच्या प्रतीवर हलकासा, पाच-सहा डेसिबलचा फिल्टर लावा. मागे कुकरची शिट्टी होते, कुणीतरी “दार लाव गं” म्हणतं, ते तर काढूच नका. ते तुमचं घर आहे.

मूळ फाईल एमपीथ्रीमध्ये ठेवू नका. २४ बिट, ४८ किलोहर्ट्झची वेव्ह फाईल करा. ९० मिनिटांची कॅसेट स्टिरिओमध्ये दीड जीबीच्या आसपास जाते. एवढी जागा आता फोनमध्येसुद्धा असते. दोन प्रती दोन वेगळ्या घरांत ठेवा.

कोण बोलतंय ते न लिहिणं

ऐरोलीच्या एका कुटुंबासाठी बारशाची कॅसेट उतरवली. त्यात एक बाई पाळणा म्हणते, इतका मोकळा, भरलेला आवाज की मी काम थांबवून ऐकत बसलो. घरात कुणालाच ती कोण ते सांगता येईना. ओळखू शकली असती अशी मोठी काकू दोन महिन्यांपूर्वीच गेली होती. म्हणून आता कॅसेट द्यायला येणाऱ्याला मी सांगतो, घरातल्या सगळ्यात वयस्कर माणसाला बरोबर आणा. त्यांना हेडफोन देतो, वही घेऊन शेजारी बसतो आणि ते नाव सांगतील तसं मिनिट आणि सेकंदासकट लिहून घेतो.