पेंटबॉलची टाकी भरून आणताना

आमचे अण्णा सांगलीला गॅस एजन्सीच्या गोडाउनवर होते. घरी सिलिंडर आला की ते आधी कडीखालच्या पट्टीवरचं, तपासणीची तारीख सांगणारं अक्षर वाचायचे, मग सिलिंडर ताणकाट्याला लावायचे आणि शेवटी टोपण काढून आतला काळा वॉशर बोटाने चाचपायचे. तारीख, वजन, वॉशर. हे झाल्याशिवाय पावतीवर सही नाही. इकडे न्यू हॅम्पशरमध्ये नॅशुआला माझा मुलगा ईशान पेंटबॉल, म्हणजे गॅसच्या दाबाने रंगाच्या गोळ्या मारणाऱ्या बंदुकांचा खेळ, खेळायला लागला आणि त्या बंदुकीची टाकी भरून आणायचं काम माझ्याकडे आलं, तेव्हा मला याच सवयी कामाला आल्या. इथल्या बऱ्याच मराठी घरांतली मुलं हा खेळ खेळतात आणि टाकीची जबाबदारी आई-वडिलांवर येते. त्यांच्यासाठी हे लिहिते आहे.

आधी हातातली टाकी कोणती ते ओळखा. वरच्या व्हॉल्व्हला फक्त मधोमध पिन असेल, काटा दाखवणारं मीटर नसेल आणि अंगावर 9, 12, 20 किंवा 24 औंस लिहिलेलं असेल तर ती सीओटूची, म्हणजे कार्बन डायऑक्साइडची. रेग्युलेटर, छोटं मीटर आणि बाजूला हवा भरायचं पितळी किंवा स्टीलचं बोंडूक असेल तर ती दाबाखालच्या हवेची. तिच्यावर 48/3000 किंवा 68/4500 असे आकडे असतात. पहिला आकडा आकारमानाचा, घन इंचांत. दुसरा दाबाचा, पीएसआयमध्ये, म्हणजे दर चौरस इंचावर किती पौंड. गाडीच्या टायरमध्ये आपण 32-35 भरतो, त्यावरून 4500 म्हणजे काय ते समजा. एकीत दुसरीचं कधीही भरायचं नाही.

सीओटू पेंटबॉलच्या दुकानात, खेळाच्या सामानाच्या काही दुकानांत आणि काही ठिकाणी अग्निशामक सिलिंडर भरणाऱ्यांकडे मिळतो. हवा पेंटबॉलच्या मैदानावर किंवा स्कूबा डायव्हिंगच्या दुकानात भरतात. स्कूबावाल्यांना फोन करून “4500 पर्यंत भरता का?” असं आधी विचारा, कारण बऱ्याच ठिकाणी 3000 च्या आसपासच थांबतात. मग मोठी टाकी अर्धवट भरून मिळते. पेट्रोल पंपावरच्या हवेचा इथे काही उपयोग नाही.

तारीख

ॲल्युमिनियमच्या टाकीच्या खांद्यावर कोरलेली अक्षरं बोट फिरवून वाचा. आमच्या 20 औंसवाल्या टाकीवर ‘डीओटी 3एएल 1800’ असं आहे. डीओटी म्हणजे अमेरिकेचं वाहतूक खातं, 3एएल हा टाकीचा प्रकार आणि 1800 हा तिचा नेहमीचा दाब, पीएसआयमध्ये. पुढे महिना, वर्ष, आणि पुन्हा तपासणी झाली असेल तर त्या दोन्हींच्या मधे चार अक्षरांची चौकोनी खूण. ती तपासणी करणाऱ्या केंद्राची. दर 5 वर्षांनी हायड्रो टेस्ट करावी लागते. टाकीत पाणी भरून नेहमीच्या दाबाच्या पाच तृतीयांश दाब देतात आणि ती किती फुगते, किती मूळ मापावर येते ते मोजतात. म्हणजे 1800 च्या टाकीला 3000. तारीख उलटलेली टाकी चांगला दुकानदार हातात घेत नाही, आणि त्याच्याशी वाद घालू नये. व्यास 2 इंच किंवा त्याहून कमी असलेल्या छोट्या टाक्यांना ही तपासणी लागत नाही. सीओटूच्या साध्या टाकीला टेस्टचा खर्च नव्या टाकीच्या किमतीजवळ जातो, तेव्हा हिशेब करून मगच पाठवा. कार्बन फायबरच्या टाकीवर कोरीव शिक्का नसतो, राळेच्या थराखाली लेबल असतं. तिलाही 5 वर्षांनी टेस्ट, आणि साधारणपणे 15 वर्षं झाली की ती बाद.

वजन

सीओटू टाकीत द्रवरूपात असतो, आपल्या स्वयंपाकाच्या गॅससारखाच. म्हणून तो दाबावर नाही, वजनावर भरतात. दुकानात नीट भरत असतील तर तुम्हाला असं दिसेल: टाकीत उरलेला गॅस आधी सोडून देतात, रिकामी टाकी काट्याला लावून काटा शून्यावर आणतात, थोडा गॅस आत घेऊन पुन्हा सोडतात. त्याने टाकी गार होते, बाहेरून दव धरते. गार झाली की द्रव सहज आत येतो. मग 20 औंसाला थांबतात. 20 औंस म्हणजे 567 ग्रॅम. त्या वेळी व्हॉल्व्हला उघड्या हाताने स्पर्श करू नका, कातडी चिकटते.

एकदा जुलैत एका दुकानात नव्या मुलाने काट्याला न लावताच टाकी भरून दिली. मागे रांग होती, मी बोलले नाही. टाकी डिकीत टाकली आणि वाणसामान घ्यायला गेले. परत येऊन डिकीकडे हात नेते तोच आतून लवंगी फटाक्यासारखा आवाज आला आणि मग बराच वेळ फुस्स चालू राहिलं. थांबल्यावर झाकण उघडलं तर व्हॉल्व्हभोवती पांढरी भुकटी साचली होती, जणू कोणी पिठीसाखर सांडली आहे. कोरडा बर्फ होता तो, म्हणजे गोठलेला सीओटू. व्हॉल्व्हच्या बाजूला एक पातळ धातूची चकती असते, बर्स्ट डिस्क म्हणतात, दाब हाताबाहेर गेला की तीच आधी फुटते. आमच्या टाकीची 3000 ची होती. भरायला हवा त्यापेक्षा जास्त द्रव, त्यात बंद गाडीतलं ऊन. टाकीत मोकळी जागाच नसेल तर द्रव प्रसरण पावून जाणार कुठे? शिवाय 567 ग्रॅम म्हणजे जवळजवळ 300 लिटर वायू. तो आम्ही सगळे गाडीत बसलेले असताना सुटला असता तर काय झालं असतं, या विचाराने मी रात्रभर जागी होते.

तेव्हापासून स्वयंपाकघरातला काटा या कामाला असतो. टाकी पूर्ण रिकामी असताना वजन करून चिकटपट्टीवर लिहून ठेवलं आहे: 1080 ग्रॅम. भरून आणल्यावर 1650 च्या वर काटा गेला तर तशीच परत नेते. टाकी आणताना डिकीत नको, सीटवर टॉवेलमध्ये गुंडाळून, काचा थोड्या खाली करून.

वॉशर आणि मान

बंदुकीला टाकी लावतो तिथली ओ-रिंग म्हणजे आपला वॉशर. चिरलेली, चपटी झालेली दिसली की बदला. पॉलियुरेथेनची घ्या, साधी रबराची सीओटूत लवकर फुगते. चार जादा खिशात ठेवा.

मान मात्र त्याहून महत्त्वाची. व्हॉल्व्ह टाकीत आट्यांनी बसवलेला असतो. बंदुकीतून टाकी सोडवताना कधी टाकी बंदुकीतून निघण्याऐवजी व्हॉल्व्हमधूनच सुटू लागते, आणि ते कळत नाही. पूर्ण सुटली तर ती अग्निबाणासारखी उडते. अशा अपघातांत इथे माणसं गेली आहेत, आणि 2004 साली अमेरिकेच्या ग्राहक सुरक्षा आयोगाने इशाराही दिला होता. उपाय घरातला आहे. व्हॉल्व्ह आणि टाकी जोडतात तिथून आरपार नेलपॉलिशची एक सरळ रेघ ओढा. आमच्या टाकीवर माझी लाल रेघ आहे. ईशान टाकी फिरवताना रेघेकडे बघतो. रेघ तुटून दोन तुकडे पुढेमागे झाले की तिथेच थांबायचं, उलट घट्ट फिरवायचं आणि जाणकाराकडे न्यायचं. घरी पाना-पकड लावून व्हॉल्व्ह कधीही उघडू नका.

हवेची टाकी भरताना घाई नको, एवढंच. पटकन भरली की ती तापते, मीटर 4500 दाखवतं आणि गार झाल्यावर 4000 वर येतं. बोंडूक आधी स्वच्छ फडक्याने पुसा. तिथे तेलाचा थेंबही चालत नाही. एवढ्या दाबाखाली तेल पेट घेऊ शकतं.

आम्ही आता बहुतेक वेळा हवाच वापरतो, थंडीमुळे. 1981 च्या जूनमध्ये हा खेळ पहिल्यांदा खेळला गेला तो आमच्याच राज्यात, हेनिकरला. झाडांवर आणि गुरांवर खुणा करायच्या बंदुका घेऊन बारा जण जंगलात उतरले होते. त्या सीओटूवरच चालायच्या, पण तो जून होता. 21 अंश सेल्सिअसला सीओटूचा दाब साधारण 850 पीएसआय असतो, शून्य अंशाला 500 च्या आसपास येतो. ऑक्टोबरच्या सकाळी ईशानच्या गोळ्या अर्ध्यात पडायच्या. हवेला तो त्रास नाही.

सुट्टीत भारतात टाकी न्यायचा हट्ट मुलं धरतात. भरलेली टाकी विमानात नेता येत नाही. व्हॉल्व्ह पूर्ण काढून टाकी उघडी दिसली तरच सामानात घेतात, आणि ते काढायचं काम दुकानात करून घ्यावं लागतं. आम्ही नेत नाही.

सांगलीच्या घरी कालनिर्णयवर सिलिंडर लावल्याची तारीख असायची, अण्णांच्या निळ्या पेनाने. इथल्या स्वयंपाकघरातही कालनिर्णय आहे. त्याच्या शेवटच्या पानावर लिहिलंय: ईशानची टाकी, हायड्रो, ऑक्टोबर 2027.