डुकरांच्या खाद्यातली खनिजं: सगळ्या जातींना एकच माप लावू नका

शेडमध्ये विदेशी लार्ज व्हाईट यॉर्कशायर असो, लँडरेसचा संकर असो की गावठी डुकरीण, बहुतेक ठिकाणी खनिज मिश्रणाची पिशवी एकच असते आणि मापही एकच: मूठभर. मग यॉर्कशायरची पिल्लं पांढरीफटक पडतात, डुकरीण दूध तोडायच्या सुमारास मागच्या पायांवर बसते आणि गावठी जनावरांवर मात्र गरज नसलेला खर्च होत राहतो. दोष पिशवीला दिला जातो. खरं तर आपण कोणत्या जनावरासमोर काय टाकतो आहोत, हे पाहिलेलं नसतं.

जातीनुसार खनिजं ठरवायची म्हणजे प्रत्येक जातीसाठी वेगळं गुपित मिश्रण शोधायचं नाही. लोह, जस्त, कॅल्शियम सगळ्यांनाच लागतं. जातीवरून कळतं ते एवढंच, की हे जनावर रोज किती वाढतं, एका वेतात किती पिल्लं देतं, किती दूध काढतं आणि ते मातीत फिरतं की सिमेंटवर उभं असतं. माप या गोष्टींवर ठरतं.

एक हिशेब मांडून बघा. डुकराच्या अंगात एक किलो वजन वाढताना साधारण 8 ग्रॅम कॅल्शियम आणि 5 ग्रॅम फॉस्फरस साठतो. यॉर्कशायरचं वाढतं पिल्लू दिवसाला 600 ग्रॅम वाढत असेल, तर त्याला रोज जवळपास 5 ग्रॅम कॅल्शियम अंगात जिरवायचं असतं. गावठी पिल्लू 200 ग्रॅम वाढत असेल, तर दीड ग्रॅमच्या आसपास. यॉर्कशायर खातं जास्त हे खरं, पण तिप्पट खात नाही. पहिलं 1.8 किलो आणि दुसरं 1 किलो खात असेल, तर यॉर्कशायरच्या प्रत्येक किलो खाद्यात कॅल्शियम जास्तच हवं. ‘मोठं जनावर जास्त खातं, त्यात त्याचं भागतं’ हा समज इथेच कोसळतो.

‘आमच्या डुकरांना कधी इंजेक्शन लागलं नाही’

हे वाक्य गावठी डुकरं पाळणाऱ्यांकडून हमखास ऐकू येतं आणि त्यांच्यापुरतं ते खरंही असतं. अडचण येते ती त्यांनी संकरित मादी विकत घेऊन सिमेंटच्या शेडमध्ये बांधल्यावर.

जन्मताना पिल्लाच्या अंगात 40 ते 50 मिलिग्रॅम लोहाचा साठा असतो. त्याची रोजची गरज 7 मिलिग्रॅम किंवा त्याहून जास्त, आणि आईच्या दुधातून मिळतं जेमतेम 1 मिलिग्रॅम. म्हणजे साठा आठवड्याभरात संपतो. गोव्यात काणकोणकडची आगोंदा गोवन डुकरं किंवा कोकणातली परसातली डुकरं माती उकरतात, त्या मातीतून त्यांना काही लोह मिळतं. शिवाय पिल्लं सावकाश वाढतात, त्यामुळे रक्तही तितक्याच सावकाश तयार करावं लागतं. यॉर्कशायर, लँडरेस आणि ड्युरॉकची पिल्लं तीन-चार आठवड्यांत जन्मवजनाच्या कितीतरी पट होतात आणि त्यांच्या पायाखाली माती नसते.

यावर उपाय तिसऱ्या दिवसाच्या आसपास आयर्न डेक्स्ट्रानचं, म्हणजे लोहाचं इंजेक्शन. विदेशी आणि संकरित पिल्लांना सहसा 200 मिलिग्रॅम देतात. ते मानेच्या स्नायूत द्या. मांडीत दिलं तर मांसावर डाग राहतो आणि नस दुखावण्याची भीती असते. गावठी पिल्लं वजनाने लहान असतात. ती सिमेंटवर असतील तर इंजेक्शन त्यांनाही लागेल, पण मात्रा पशुवैद्यकाला विचारूनच ठरवा. बाटलीवर ‘प्रति मिली’ किती मिलिग्रॅम लिहिलं आहे ते दर वेळी वाचा, कारण सगळ्या बाटल्यांची तीव्रता सारखी नसते.

इथेच आणखी एक चूक होते. पिल्लांसाठी म्हणून व्यायलेल्या मादीला लोहाचं टॉनिक पाजलं जातं. मादीला कितीही लोह दिलं तरी दुधातलं लोह फारसं वाढत नाही. पैसा वाया जातो आणि त्या भरवशावर पिल्लांचं इंजेक्शन राहून जातं.

लोह कमी आहे हे ओळखायचं कसं? पांढऱ्या कातडीच्या यॉर्कशायर-लँडरेसमध्ये कान उजेडासमोर धरला की फिकटपणा लगेच दिसतो. ड्युरॉक तांबूस, हॅम्पशायर काळं-पांढरं, घुंगरू ही देशी जात काळी. यांच्या कातडीवरून काहीच कळत नाही. त्यांची खालची पापणी ओढून बघा, हिरड्या बघा. पिल्लू दोन पावलं पळून धापा टाकत असेल, बरगड्यांशी उडी मारल्यासारखा श्वास घेत असेल, तर उशीर झाला आहे असं समजून त्याच दिवशी डॉक्टरांना बोलवा.

खरूज समजून जस्ताची कमतरता

दोन-चार महिन्यांच्या वाढत्या डुकरांच्या पोटावर आणि मांडीच्या आतल्या बाजूला लाल ठिपके येतात. मग पायांवर जाड, कोरड्या खपल्या धरतात, दोन्ही बाजूंना सारख्या. मालक खरजेचं औषध देतो, पुन्हा देतो, फरक पडत नाही. हा आजार जस्ताच्या कमतरतेचा आहे, हे 1955 साली अमेरिकेत टकर आणि सामन यांनी दाखवून दिलं. तो आजही भारतातल्या शेडमध्ये खरूज म्हणून खपतो.

फरक खाजेत आहे. खरूज असलेलं डुक्कर भिंतीला अंग घासून हैराण होतं. जस्त कमी असलेलं फारसं घासत नाही, पण त्याची भूक कमी होते आणि वाढ थांबते. पांढऱ्या जातींत आणखी एक गोंधळ होतो तो उन्हाचा. ऊन लागून भाजलेली कातडी पाठीवर आणि कानांवर असते, जस्ताच्या खपल्या खालून, पोट-पायांपासून सुरू होतात. काळ्या डुकरात लाल ठिपक्यांची पायरी दिसतच नाही, थेट खपलीच दिसते. म्हणून तिथे हाताने चाचपून बघावं लागतं.

खाद्यात जस्त असूनही ते कमी पडू शकतं, आणि ही बाब नीट समजून घेण्यासारखी आहे. मका, सोयाबीन पेंड, कोंडा यांत फायटेट नावाचं संयुग असतं. ते जस्ताला बांधून ठेवतं. वरून कॅल्शियम जास्त झालं की ही गाठ आणखी घट्ट होते. म्हणून ‘हाडं मजबूत व्हावीत’ म्हणून चुनखडी किंवा शिंपल्यांची पूड ओंजळीने टाकणारा माणूस नकळत जस्त अडवून ठेवत असतो. सगळ्यात वाईट प्रकार म्हणजे अंडी देणाऱ्या कोंबड्यांचं उरलेलं खाद्य डुकरांना घालणं. त्यात कॅल्शियम साडेतीन-चार टक्के असतं, वाढत्या डुकराला लागतं साधारण 0.65 टक्का. पोल्ट्रीशेजारच्या शेडमध्ये खपल्या दिसल्या तर औषधाआधी खाद्याचं पोतं तपासा. गावठी डुक्कर अशा खाद्यावर काही काळ तग धरतं, कारण ते बाहेर चरून इतर काही मिळवतं. बंदिस्त संकरित जनावराला दुसरा रस्ता नसतो.

फॉस्फरस कागदावर भरपूर, पोटात थोडा

60 किलो मका, 20 किलो सोयाबीन पेंड आणि 18 किलो गव्हाचा कोंडा घ्या. यात फॉस्फरस जवळपास अर्धा टक्का भरतो. आकडा बघून बरं वाटतं. पण धान्यातला सुमारे दोन तृतीयांश फॉस्फरस फायटेटच्या रूपात असतो आणि डुकराला तो नीट पचत नाही. कॅल्शियम तर या मिश्रणात कसाबसा 0.1 टक्का आहे.

विदेशी किंवा संकरित वाढत्या डुकरांसाठी उरलेल्या दोन किलोंत 1 किलो चुनखडी, 700 ग्रॅम डीसीपी (डायकॅल्शियम फॉस्फेट) आणि 300 ग्रॅम मीठ बसवलं की कॅल्शियम आणि फॉस्फरस दोन्ही 0.6 टक्क्यांच्या पुढे, जवळपास सारखे येतात. लोह, जस्त, तांबं, मँगनीज, आयोडीन, सेलेनियम यांसाठी डुकरांचं प्रीमिक्स (तयार मिश्रण) वेगळं, पाकिटावरच्या मापाने. फायटेट फोडणारं फायटेज एन्झाइम वापरणार असाल तर डीसीपी कमी करता येतो. गव्हाच्या कोंड्यात फायटेज मुळातच असतं, पण जास्त उष्णतेने ते मरतं.

गाई-म्हशींचं खनिज मिश्रण डुकरांना चालतं का? काहीच नसण्यापेक्षा ते बरं, पण त्यात सहसा सेलेनियम नसतं आणि लोहाचं प्रमाण डुकरांचा विचार करून ठरवलेलं नसतं. स्वस्त पिशव्यांत तर बहुतांश चुनखडीच असते. तिच्यावर जस्त आणि फॉस्फरसचे आकडे छापलेले नसतील तर ती घेऊ नका.

बसलेली डुकरीण

ही चूक मला सगळ्यात जास्त अस्वस्थ करते, कारण ती सगळ्यात चांगल्या मादीच्या वाट्याला येते. दहा पिल्लांची यॉर्कशायर मादी दिवसाला 7 लिटरच्या आसपास दूध देते. दर लिटरमागे सुमारे 2 ग्रॅम कॅल्शियम धरा, म्हणजे 14 ग्रॅम एकट्या दुधातून गेले. वरचं खनिजाविना मिश्रण ती 5 किलो खात असेल तर तिच्या पोटात जेमतेम 5 ग्रॅम जातं. उरलेलं ती हाडांतून काढते. पाच-सहा पिल्लांच्या गावठी मादीचा खर्च याच्या निम्म्याहूनही कमी असतो, म्हणून ती त्याच खाद्यावर उभी राहते आणि शेजारची यॉर्कशायर चौथ्या आठवड्यात मागून बसते. कधी तिचं मांडीचं हाडही मोडतं. तिला ‘नाजूक’ म्हणणं अन्याय आहे. तिने आपलं हाड झिजवून पिल्लं पोसलेली असतात.

अमेरिकेत ओहायोमधल्या संशोधनात 1995 साली दिसलं होतं, की तीन वेतांनंतर मादीच्या अंगातला खनिजसाठा तेवढ्याच वयाच्या न व्यायलेल्या मादीपेक्षा कमी असतो, आणि जिची पिल्लं जास्त भरतात तिचा आणखी कमी. म्हणून दूध पाजणाऱ्या मादीचं खाद्य वेगळं ठेवा: कॅल्शियम 0.75 टक्का, फॉस्फरस 0.6 टक्का, आणि ती पोटभर खाईल अशी सोय. घुंगरू देशी असली तरी पिल्लं भरपूर देणारी म्हणून ओळखली जाते. तिला ‘देशी आहे’ म्हणून कमी मापात बसवू नका. गुवाहाटीच्या राष्ट्रीय वराह संशोधन केंद्राने हॅम्पशायर आणि घुंगरूपासून ‘राणी’ हा संकर तयार केला आहे. अशा जनावरांचं मापही वेतात किती पिल्लं जगली हे पाहूनच ठरवायचं.

हॉटेलच्या उरलेल्या अन्नावर वाढणाऱ्या संकरित माद्यांत असं बसण्याचं प्रमाण विशेष दिसतं. भात, चपाती, पाव यांत कॅल्शियम नगण्य असतं. ते अन्न उकळून द्यायलाच हवं, आफ्रिकन स्वाइन फीवर हा डुकरांचा जीवघेणा विषाणूजन्य आजार 2020 पासून देशात आहे. पण उकळल्याने खनिजं वाढत नाहीत, ती वेगळीच घालावी लागतात.

लँडरेसचे पाय आणि कॅल्शियमचा मारा

लँडरेसचं शरीर लांब, वाढ जलद. पाय अधू होणं या जातीत बऱ्याचदा दिसतं. त्यात बहुतेकदा सांध्यांच्या कूर्चेचा दोष असतो, जो जलद वाढीशी आणि वंशाशी जोडलेला आहे. कॅल्शियम वाढवून तो बरा होत नाही, उलट जस्त अडकतं. पैदाशीसाठी निवडलेल्या माद्यांना विक्रीच्या डुकरांपासून वेगळं करा, त्यांना कॅल्शियम आणि फॉस्फरस दोन्ही 0.1 टक्क्याने जास्त द्या, वाढीची घाई करू नका आणि फरशी घसरडी ठेवू नका. पैदाशीचा नर निवडतानाच पाय बघितले तर यातली बरीच डोकेदुखी वाचते.

मीठ आणि पाणी

हॉटेलचं अन्न, खारवलेली मासळी, वरून सवयीने घातलेलं मीठ. पाणी भरपूर असेल तर डुक्कर हे सगळं पेलतं. पाण्याचं निपल तुंबलं, टाकी रिकामी राहिली की एक-दोन दिवसांत जनावर गोल फिरू लागतं, भिंतीला डोकं टेकतं, झटके येतात. अशा वेळी एकदम पोटभर पाणी पाजू नका, त्याने मेंदूची सूज वाढते. थोडं थोडं, वारंवार द्या आणि डॉक्टर येईपर्यंत तेच करा. इथे जात आडवी येत नाही, यॉर्कशायर आणि गावठी दोन्ही सारखीच मरतात.

मोरचूद आणि सेलेनियम

वाढीसाठी मोरचूद (कॉपर सल्फेट) घालायची पद्धत आहे. 100 किलो खाद्यात 100 ग्रॅम म्हणजे तांबं 250 पीपीएम (दहा लाखांत 250 भाग), आणि ही वरची मर्यादा झाली. हाताने मिसळताना ते एका कोपऱ्यात साचलं तर विषबाधा होते. त्याच आवारात मेंढ्या असतील तर डुकरांचं असं खाद्य त्यांच्या तोंडी लागू देऊ नका. डुक्कर जेवढं तांबं पचवतं तेवढ्याने मेंढी मरते. दूध तोडताना हगवणीवर जास्त मात्रेत झिंक ऑक्साइड घालणं युरोपीय संघाने 2022 पासून बंद केलं आहे. आपल्याकडेही ते दोन आठवड्यांच्या पुढे लांबवू नये.

सेलेनियमची गरज 0.3 पीपीएमच्या आत आणि 5 पीपीएमपासून विषाची हद्द सुरू. प्रीमिक्समध्ये सेलेनियम असताना वरून पावडर आणि इंजेक्शन दोन्ही दिलं की खुरं मुळाशी सुटतात, केस गळतात. उलट मादीत सेलेनियम आणि ई जीवनसत्त्व फारच कमी असेल, तर तिच्या पिल्लांना लोहाचं इंजेक्शनही बाधू शकतं. एखाद्या वेतात इंजेक्शननंतर काही तासांत पिल्लं दगावली तर बाकीच्यांना टोचणं थांबवा आणि पशुवैद्यकाला मादीच्या खाद्यासकट सगळं सांगा. जाताना खाद्याचा किलोभर नमुना, खनिजाच्या पिशवीचं लेबल आणि पिल्लांच्या वजनाची वही सोबत घ्या.