मायोइलेक्ट्रिक हात: इलेक्ट्रोडची जागा कशी शोधाल?

मायोइलेक्ट्रिक हात म्हणजे स्नायूंच्या विजेच्या सिग्नलवर चालणारा कृत्रिम हात; तो सिग्नल त्वचेवर टेकलेले इलेक्ट्रोड टिपतात. कोपराखाली हात कापलेला असेल तर दोन जागा लागतात: हात उघडायला मनगट मागे वळवणारे स्नायू, मिटायला पुढे वळवणारे. रुग्णाला नसलेलं मनगट वळवायला सांगा आणि बोटांनी चाचपा. स्नायू सर्वांत जास्त फुगतो तिथे पेनाने खूण करा. व्रणावर किंवा हाडावर इलेक्ट्रोड नको.

इलेक्ट्रोडच्या धातूच्या पट्ट्यांची ओळ स्नायूच्या धाग्यांच्या दिशेने बसायला हवी. आडवा लावला की सिग्नल कमी होतो. त्वचा कोरडी असेल तर ओल्या कापसाने पुसा.

आता मॉनिटरवर पाहा. सिग्नलच्या रेषेची उंची दिसली की सगळे खूश होतात, पण खरं बघायचं ते दोन स्नायूंच्या रेषांचं वेगळेपण. ‘उघडा’ म्हटल्यावर दुसरी रेषाही उठत असेल तर गेन (सिग्नल किती मोठा करायचा ते प्रमाण) वाढवून उपयोग नाही, उलट हात भलत्या वेळी मिटेल. खूण अर्धा-एक सेंटिमीटर सरकवा, गेन कमी करा, पुन्हा पाहा.

चाचणी टेबलावर हात टेकवून संपवू नका. हात डोक्यावर नेऊन, वजन उचलून बघा; सॉकेट (उरलेला हात ज्यात बसतो तो साचा) त्वचेपासून सुटलं की कृत्रिम हात आपोआप हलतो. परदेशातून जुना इलेक्ट्रोड आणला असेल तर घरातल्या विजेचा गोंगाट गाळणारा फिल्टर तपासा: अमेरिकेतली वीज ६० हर्ट्झ, आपली ५०.

ठणका एकाच बिंदूवर, टिचकी मारताच झिणझिण्या येत असतील तर न्यूरोमाची (कापलेल्या नसेच्या टोकावरच्या गाठीची) शंका घ्या. तिथे इलेक्ट्रोड दाबू नका, आधी सर्जनला दाखवा. कापलेली नस जवळच्या स्नायूच्या नसेला जोडण्याची शस्त्रक्रिया (टीएमआर) काहींचं दुखणं कमी करते. मात्र नवा सिग्नल यायला काही महिने लागतात.