रेतीचा टिप्पर जप्त झालाय? सोडवताना या चुका टाळा

गाडी पोलीस ठाण्याच्या आवारात उभी आहे, म्हणजे ती पोलिसांनीच जप्त केली असे धरून सरळ कोर्टात अर्ज करणे ही सर्वांत महागात पडणारी चूक. महसूल पथकाने पकडलेली वाहनेही सुरक्षेसाठी ठाण्यातच लावली जातात. गाडी कुठे उभी आहे ते सोडा. जप्तीनाम्यावर सही कोणाची आणि कलम कोणते, ते आधी वाचा.

महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम 48(8) लावले असेल, तर गाडी 48 तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करावी लागते. गाडी सोडण्याचा अधिकारही त्यांचाच, बहुधा एसडीओंचा (उपविभागीय अधिकाऱ्यांचा). अर्ज तहसीलदारांकडे पडून राहिला की दिवस फुकट जातात. पोलिसांनी चोरीचा गुन्हा, म्हणजे भारतीय न्याय संहितेचे कलम 303(2), नोंदवून जप्ती केली असेल, तर मात्र न्यायदंडाधिकाऱ्यांकडे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 किंवा 503 खाली अर्ज करा. वाहने ठाण्यात महिनोन्‌महिने सडत ठेवू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सांगितले आहे; अर्जात त्याचा आधार घ्या. दोन्हीकडून जप्ती असेल, तर दोन्ही आदेश लागतील.

पंचनाम्यातला ब्रासचा आकडा न तपासता सही करणे ही दुसरी चूक, आणि खरा पैसा इथेच जातो. कलम 48(7) खाली गौण खनिजाच्या, म्हणजे इथे रेतीच्या, बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो, तोही याच आकड्यावर. एक ब्रास म्हणजे 100 घनफूट. ट्रॉली 10 फूट लांब, 6 फूट रुंद आणि रेतीची उंची 2 फूट असेल, तर माल 120 घनफूट, म्हणजे 1.2 ब्रास. पंचनाम्यात अंदाजाने 2 ब्रास लिहिले असतील, तर जागेवरच टेप लावून मोजण्याचा आग्रह धरा. ऐकले नाही, तर सही करताना ‘मोजमाप मान्य नाही’ असे लिहा आणि दुसऱ्याच दिवशी लेखी हरकत देऊन पोच घ्या.

हा दंड भरला की गाडी सुटली, असे बरेच मालक समजतात. वाहनाच्या प्रकारानुसार ठरलेला दंड वेगळा असतो, शिवाय गाडीच्या बाजारमूल्यापर्यंतचे वैयक्तिक बंधपत्र लागते. ओव्हरलोडचे चलान झाले असेल, तर ते आणखी निराळे. रक्कम शासकीय चलानानेच भरा. रोख देऊन पावती न घेणाऱ्याच्या हाती पुढे काहीच पुरावा उरत नाही.

जप्तीनंतरच्या वेळेची टीपी, म्हणजे रेतीचा वाहतूक पास, आणून दाखवू नका. महाखनिज या सरकारी पोर्टलवर पासची तारीख, वेळ आणि वाहन क्रमांक सगळे दिसते, त्यामुळे असा पास संशय वाढवतो. पास आधीचाच असेल, तर त्याची नोंद पंचनाम्यात करून घ्या. मध्य प्रदेशातून सावनेरमार्गे रेती आणत असाल, तर तिकडची रॉयल्टी पुरत नाही; इथला झिरो रॉयल्टी पासही, म्हणजे परराज्यातून आणलेल्या रेतीसाठीचा महाराष्ट्राचा पास, जवळ हवा.

अर्ज ड्रायव्हरच्या नावाने नको, आरसीवरच्या मालकाच्या नावाने हवा. सोबत विमा, फिटनेस, परमिट आणि आधार जोडा. गाडी विकत घेऊन नावावर केली नसेल, तर जुन्या मालकाला सोबत न्यावे लागेल. कर्ज असेल, तर फायनान्स कंपनीचे पत्र आधीच घ्या.

कारणे दाखवा नोटिशीला गप्प बसू नका. उत्तर नसले की एकतर्फी आदेश होतो, आणि दंड थकला की वाहन लिलावात निघू शकते. आदेश चुकीचा वाटत असेल, तर प्रमाणित प्रत घेऊन अपील करा. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल, तर मुदत 60 दिवस. अपील सोडून थेट उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात गेल्यास आधी अपील करा, असे सांगून याचिका परत पाठवली जाण्याचा धोका असतो.

दंड भरल्याने चोरीचा गुन्हा मिटत नाही. खाण कायद्यातील तडजोड त्या गुन्ह्याला लागू होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2020 च्या जयंत प्रकरणात स्पष्ट केले आहे. म्हणून कोर्टाने सुपुर्दनाम्यावर, म्हणजे खटला संपेपर्यंत सांभाळायला, दिलेली गाडी परवानगीशिवाय विकू नका, तिचा रंग किंवा इंजिन बदलू नका. ताबा घेताना बॅटरी, टायर आणि डिझेल तपासून फोटो काढा. काही कमी असेल, तर ताबा पावतीवर तिथेच लिहून घ्या.