माळावरची विष्णुक्रांत: शोधावी कशी, ओळखावी कशी, राखावी कशी

पावसाळी फुलं बघायला विदर्भातली माणसं मेळघाट गाठतात. गावाला लागून असलेल्या ई-क्लासच्या (म्हणजे सरकारी चराऊ जमिनीच्या) बरडीवर मात्र कोणी थांबत नाही. विष्णुक्रांत त्याच बरडीवर फुलते. एवढा निर्मळ निळा रंग आपल्या माळावर क्वचितच दिसतो, म्हणून ती प्रत्येकाने एकदा तरी जवळून बघावी असं मला मनापासून वाटतं.

आधी जागा हेरा. काळ्या, खोल कपाशीच्या वावरात तिला शोधू नका. मुरूम वर आलेली, पाणी न साचणारी, उघड्या उन्हातली जमीन बघा: गायरान, टेकडीचा उतार, पांदणीची कड, न नांगरलेला धुरा, म्हणजे शेताचा बांध. जनावरांनी चरून गवत आखूड राहिलेलं असेल तर उत्तमच. कुसळी गवत कमरेएवढं माजलं की जमिनीलगतच्या या झाडाला ऊन मिळत नाही.

वेळ सांभाळा. पोळ्यापासून दिवाळीपर्यंतचे दिवस चांगले. सकाळी ऊन अंगावर आलं की निघा. फुलं सकाळी उमलतात आणि ऊन तापलं की मिटू लागतात. दुपारी गेलात तर पायाखाली झाड असूनही दिसणार नाही.

टोंगळे टेकून बघा. उभ्याने काही कळत नाही. एका जाडसर मुळातून बारीक फांद्या चहूकडे जमिनीवर पसरलेल्या असतात. एक फांदी बोटाने हलकेच उचला. खोडावर आणि पानांवर रेशमी, चपटी लव दिसेल, तिच्यामुळे सगळं झाड किंचित रुपेरी वाटतं. पानं लहान, जवळजवळ बिनदेठाची. पानाच्या बेचक्यातून केसासारखा बारीक दांडा निघतो आणि त्यावर शर्टाच्या गुंडीहून लहान, बशीसारखं पसरट फूल. रंग निळा, मध्यभाग पांढरा. हस्तभिंग असेल तर पाच पुंकेसर मोजा आणि मधले तंतू पाहा: दोन परागवाहिन्या असतात आणि प्रत्येकीला पुन्हा दोन फाटे फुटतात. ही खूण पटली की बहुतेक शंका मिटते. फूल गळलं की दांडा खाली वाकतो, टोकाला इवलंसं गोल बोंड धरतं आणि त्यात जास्तीत जास्त चार बिया असतात.

शास्त्रीय नाव इव्हॉल्व्ह्युलस अल्सिनॉइडिस. रताळं आणि नाल्याकाठची बेशरम याच कुळातली, पण ही कशाला वेढे घालत चढत नाही.

घोटाळा टाळा. केनाही निळाच, पण त्याच्या पाकळ्या सुट्या असतात आणि पानाचा तळ खोडाला गुंडाळलेला असतो. गोकर्णाचा वेल चढतो आणि त्याला शेंगा येतात. खरा गोंधळ शंखपुष्पीचा आहे. या एकाच नावाखाली बाजारात दोन-तीन वेगळ्या वनस्पती विकल्या जातात, त्यात ही पण येते. पांढरट-गुलाबी, नरसाळ्यासारखं आणि आकाराने मोठं फूल असेल तर ती कॉन्व्हॉल्व्ह्युलस, विष्णुक्रांत नव्हे. नर्सरीत ‘ब्लू डेझ’ म्हणून मिळणारं मोठ्या निळ्या फुलांचं झुडूपही इव्हॉल्व्ह्युलसच, पण वेगळ्या जातीचं आणि दक्षिण अमेरिकेतून आलेलं आहे. ते आणून माळावर लावू नका. आणि औषधी आहे असं ऐकून माळावरचं झाड मुळासकट उपटून नेऊ नका. औषधाचं वैद्यांना विचारावं.

घरी लावायचीच असेल तर पिकलेल्या बोंडांतल्या थोड्याच बिया घ्या, बाकी माळावर राहू द्या. बियांचं कवच कडक असतं, पाणी सहजी आत शिरत नाही. पॉलिश पेपरवर हलकेच घासा आणि पावसाच्या सुरुवातीला उथळ पेरा. कुंडीत निम्म्याहून जास्त मुरूम, थोडी माती. शेणखत नको, पाणी साचायला नको, सावली तर अजिबात नको.

सगळ्यात महत्त्वाचं काम माळ राखण्याचं. विष्णुक्रांतीला आपल्याकडून फार काही लागत नाही, तिची जागा मोडली नाही म्हणजे झालं. धुऱ्यावर तणनाशक मारू नका. पऱ्हाटी-सोयाबीनमधलं तण वेगळं, धुऱ्यावर ते मारायची गरजच काय? सुकलेल्या गवताला काडी लावू नका. चराई पूर्ण बंद करू नका, आलटून पालटून ठेवा. माळावर ओळीने खड्डे खणून झाडं लावणं मात्र मला साफ चुकीचं वाटतं. ‘पडीक’ म्हणून नोंदलेला हा माळ पडीक नाही, चंडोल आणि काळवीट अशाच उघड्या गवताळ जागेवर जगतात. वृक्षारोपण करायचंच तर शाळेच्या आवारात करा, रस्त्याच्या कडेला करा.

मुरूम काढायचा किंवा रोपं लावायचा ठराव येईल तेव्हा हाती नोंद हवी. जैविक विविधता कायदा, 2002 नुसार ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि लोकजैवविविधता नोंदवही असते. सकाळी उघड्या फुलाचा एक, फांदी-पानांचा एक आणि आजूबाजूच्या माळाचा एक असे फोटो काढा. जागा, तारीख लिहा आणि ग्रामसभेच्या आधीच ते समितीकडे द्या. नोंदवहीत ‘ई-क्लास’ एवढंच न लिहिता गट क्रमांकही लिहायला सांगा.