डायोसजेनिनचं आडनाव

एमएस्सी झाल्यावर मी पहिल्यांदा रुजू झाले ती रबाळे एमआयडीसीतल्या एका कंपनीच्या क्यूसीत, म्हणजे मालाची गुणवत्ता तपासणाऱ्या विभागात. वनस्पतींचे अर्क काढून औषध कंपन्यांना विकायचे, हा तिचा धंदा. घर कळव्याला. सकाळी ठाण्याला येऊन वाशी किंवा पनवेल, जी आधी लागेल ती ट्रान्स-हार्बर पकडायची, रबाळेला उतरायचं आणि शेअर रिक्षात अंग चोरून बसायचं. पहिले दोन आठवडे फक्त एसओपी (कामाच्या ठरलेल्या लेखी पद्धती) वाचून सह्या केल्या. तिसऱ्या आठवड्यात हातात पहिलं सॅम्पल पडलं आणि त्याच आठवड्यात माझी फजिती झाली. या लाइनमध्ये नव्याने येणाऱ्यांना ती सांगण्यासारखी आहे, कारण चूक मशीनची नव्हती, नाव वाचण्यातली होती.

सॅम्पल होतं डायोस्कोरियाच्या कंदाचा अर्क. लेबलवर ‘डायोसिन २० टक्के’. पद्धत अशी की अर्क आम्लात उकळायचा, सुटलेलं डायोसजेनिन हे स्टेरॉईड द्रावकात ओढून घ्यायचं आणि एचपीएलसीवर (मिश्रणातले घटक वेगळे करून मोजणारं मशीन) मोजायचं. मी सगळं नीट केलं. स्टँडर्ड (तुलनेसाठीचा शुद्ध नमुना) सुंदर आलं, आलेखावरचं पीक सरळ, दोन्ही इंजेक्शनं जुळली. उत्तर आलं ९.६ टक्के. वीसच्या जागी साडेनऊ! ओओएस, म्हणजे मर्यादेबाहेरच्या उत्तराची चौकशी, उघडलं, प्रॉडक्शनचे लोक येऊन उभे राहिले, कॉलम बदलून झाला, नवीन मोबाइल फेज झाली. उत्तर हलेना. दोन दिवसांनी मॅडमनी माझं गणिताचं पान पाहिलं आणि एवढंच विचारलं, “जेनिन म्हणजे काय गं?”

मला सांगता आलं नाही. एमएस्सीला स्टेरॉईडच्या चार कड्या मी डोळे मिटून काढत होते, पण हे कधी कुणी विचारलंच नव्हतं.

तर सांगते. ‘सॅपो’ म्हणजे लॅटिनमध्ये साबण. आपला ‘साबण’ हा शब्दही फिरत फिरत त्याच घराण्यातून आलेला आहे. पाण्यात हलवलं की फेस देणारी वनस्पतीतली द्रव्यं ती सॅपोनिन. रिठ्याचा फेस आठवा (रिठ्यातला सांगाडा ट्रायटर्पिनचा, स्टेरॉईडचा नव्हे, पण फेसामागचं तत्त्व तेच). सॅपोनिनला एका बाजूने साखरेच्या कड्या लटकलेल्या असतात. आम्लाने त्या तोडल्या की जो सांगाडा उरतो तो सॅपोजेनिन, म्हणजे सॅपोनिनचं मूळ. नावातला ‘जेन’ हा जन्म देण्याच्या अर्थाचा, आपल्या ‘जन’चा चुलतभाऊ. म्हणजे नावात ‘जेनिन’ दिसलं की समजायचं, साखर गेली, गाभा उरला.

डायोसिन हे सॅपोनिन. त्यात एक ग्लुकोज आणि दोन ऱ्हॅम्नोज अशा तीन साखरा असतात, आणि त्याचं रेणुभार साधारण ८६९. साखर काढलेल्या डायोसजेनिनचं ४१४.६. मी मोजलं होतं जेनिन आणि लेबल बोलत होतं डायोसिनमध्ये. ८६९ भागिले ४१४.६ म्हणजे जवळजवळ २.१. माझे ९.६ या आकड्याने गुणले की २०.१. माल पास होता, नापास मी होते.

त्या दिवसापासून मला नावांचा नाद लागला.

डायोसजेनिनचं पुढचं अर्धं आलं डायोस्कोरिया या वनस्पतीच्या नावावरून, आणि वनस्पतीला नाव मिळालं डायोस्कोरिडीस या पहिल्या शतकातल्या ग्रीक वैद्यावरून. हे घराणं आपल्याला परकं नाही. कोनफळ डायोस्कोरियाच, कारांदाही डायोस्कोरियाच. थंडीत जांभळी नाक्याला जांभळं कोनफळ घेऊन बसलेल्या बायका दिसतात ना, तेच. पण म्हणून कोनफळाची भाजी खाल्ली की डायोसजेनिन पोटात गेलं असं नाही. खायचे कंद या बाबतीत जवळपास रिकामे असतात. भरघोस सापडतं ते हिमालयातल्या डायोस्कोरिया डेल्टॉइडियात आणि मेक्सिकोतल्या बार्बास्को या रानकंदात. घराणं एक, गुण वेगळे.

हे संयुग पहिल्यांदा वेगळं केलं जपानमध्ये, १९३०च्या दशकात, तिथल्या डायोस्कोरिया टोकोरो नावाच्या कंदातून. त्याची खरी किंमत ओळखली ती रसेल मार्कर या अमेरिकन रसायनशास्त्रज्ञाने. जेनिनच्या एका टोकाची साखळी तोडून त्याने त्याचं प्रोजेस्टेरॉन हे स्त्री-हार्मोन केलं. ही रीत आजही ‘मार्कर डिग्रेडेशन’ म्हणून शिकवतात. मग तो मेक्सिकोतल्या रानकंदांच्या मागे लागला. १९४४ साली मेक्सिको सिटीत सिंटेक्स ही कंपनी उभी राहिली, आणि १९५१ मध्ये तिथेच जेरासी, रोझेनक्रान्झ आणि मिरामोंतेस यांनी नॉरएथिस्टेरॉन हे कृत्रिम हार्मोन बनवलं, जे पुढे गर्भनिरोधक गोळीत गेलं. इंटरव्ह्यूला ही गोष्ट थोडक्यात सांगता आली तर समोरचा मान वर करून बघतो, हा माझा अनुभव. पाच मिनिटं मात्र घेऊ नका.

आता खरी मेख. नावाचं पुढचं अर्धं वाचून ‘हे या झाडातून येतं’ असं ठरवू नका. ही नावं आपल्या ‘कर’वाल्या आडनावांसारखी आहेत. पनवेलकर ऐरोलीत राहतो, त्याच्या आजोबांनी पनवेल सोडलेलं असतं, पण आडनाव राहतं. संयुगाचं नावही ते पहिल्यांदा कुठे सापडलं ते सांगतं, आज बाजारात कुठून येतं ते नाही. सिटोस्टेरॉलमधलं ‘सिटोस’ म्हणजे ग्रीकमध्ये धान्य. पण ते शेंगदाण्यापासून सोयाबीनपर्यंत जवळजवळ प्रत्येक वनस्पती तेलात मिळतं. स्टिग्मास्टेरॉलचं नाव फायसोस्टिग्मा या आफ्रिकेतल्या विषारी शेंगेवरून, १९०६ सालचं. मात्र पर्सी ज्युलियन या अमेरिकन रसायनशास्त्रज्ञांनी त्यापासून हार्मोन बनवले ते सोयाबीनच्या तेलातून काढून. टाकीत पाणी शिरलं आणि तेलात पांढरे स्फटिक बसले, त्यावरून त्यांना धागा मिळाला. आपल्याकडचं नाव हवं तर गुग्गुलस्टेरोन घ्या. अर्धं गुग्गुळ, अर्धं ग्रीक! ‘स्टेरोन’ म्हणजे कीटोन गट असलेलं स्टेरॉईड, आणि यात असे दोन गट आहेत.

शेपटीचा हिशेब सोपा. ‘ऑल’ असेल तर हायड्रॉक्सिल, ‘ओन’ असेल तर कीटोन, ‘जेनिन’ असेल तर साखर काढलेला गाभा. गोंधळ होतो तो ‘इन’पाशी. इंग्रजी स्पेलिंगमध्ये शेवटी ई असेल तर ते सहसा नायट्रोजनवालं अल्कलॉइड आणि ई नसेल तर ग्लायकोसाइडसारखं तटस्थ द्रव्य, असा संकेत आहे. देवनागरीत दोन्ही ‘इन’. बोलतानाही तेच. डायोसिन हे सॅपोनिन आणि डायोस्कोरिन हे डायोस्कोरिया हिस्पिडा या रानकंदातलं विषारी अल्कलॉइड, पण शिफ्ट बदलताना घाईत बोललं की कानाला जवळपास सारखंच लागतं. म्हणून हँडओव्हर तोंडी देऊ नका. लिहा, तेही इंग्रजी स्पेलिंगमध्ये. मराठीचा अभिमान मलाही आहे, पण लॉगबुक ही त्याची जागा नव्हे.

आमच्याकडे एकदा स्टोअरमधून डायोसजेनिनच्या ऐवजी डायोस्मिनचं स्टँडर्ड आलं. डायोस्मिन म्हणजे मूळव्याधीच्या गोळ्यांत असतं ते, फ्लेवोनॉइड, स्टेरॉईडशी काडीचा संबंध नाही. ते पिवळट, डायोसजेनिन पांढरं. नुसतं बघून कळलं असतं, पण बाटली गडद तपकिरी होती. पकडलं गेलं ते यूव्हीवर, म्हणजे अतिनील प्रकाश किती शोषला जातो त्यावर. डायोसजेनिनमध्ये एकच सुटा दुहेरी बंध, त्यामुळे ते २०० ते २१० नॅनोमीटरच्या आसपासच जेमतेम दिसतं, आणि इथे ३४० च्या पुढे भलामोठा उंचवटा.

तेव्हापासून मी कॅस नंबर, म्हणजे प्रत्येक रसायनाला दिलेला स्वतंत्र ओळख क्रमांक, पाहिल्याशिवाय बाटली उघडत नाही. डायोसजेनिनचा ५१२-०४-९. यातला शेवटचा ९ हा तपासणीचा अंक असतो. तो सोडून उरलेले अंक उजवीकडून एक, दोन, तीन असे गुणत जा: चार एके चार, शून्य दुणे शून्य, दोन त्रिक सहा, एक चोक चार, पाच पाचे पंचवीस. बेरीज ३९, शेवटचा अंक ९. जुळलं. कुणी नंबर उतरवताना एखादा अंक चुकवला तर बहुतेक वेळा हे जुळत नाही. डायोस्मिनचा ५२०-२७-४ आहे, लोकलमध्ये बसून करून बघा.

आणखी एक सापळा ४१४ चा. डायोसजेनिन आणि बीटा-सिटोस्टेरॉल या दोघांचंही रेणुभार ४१४ आणि वर थोडं. एकात २७ कार्बन आणि तीन ऑक्सिजन, दुसऱ्यात २९ कार्बन आणि एकच ऑक्सिजन, पण बेरीज तिथेच येते. मेथीच्या अर्कात दोन्ही असतात. मास स्पेक्ट्रोमीटरवर (रेणूचं वस्तुमान मोजणारं मशीन) नवखा माणूस ‘४१४ म्हणजे डायोसजेनिन’ म्हणून टिक मारतो. एपीसीआय या आयन बनवण्याच्या पद्धतीत डायोसजेनिन सहसा ४१५ दाखवतं, तर सिटोस्टेरॉल पाणी टाकून ३९७ वर जातं. एवढं माहीत असलं तरी पुष्कळ. कंपनीत मास नसेल तर एचपीटीएलसीची (घटक पातळ थरावर वेगळे करायची पद्धत) प्लेट लावा, वर ॲनिसाल्डिहाइड-सल्फ्युरिक आम्ल मारा आणि दोन्ही स्टँडर्ड शेजारी ठेवा. नुसत्या रंगावर विश्वास ठेवू नका, जागाही जुळली पाहिजे.

घरच्यांना काय सांगायचं हाही प्रश्न येतोच. मी स्टेरॉईडचं काम करते म्हटल्यावर आत्याने आधी विचारलं, “ते जिमवाले टोचून घेतात ते?” मी म्हटलं, “नाही आत्या, स्टेरॉईड हे सांगाड्याचं नाव आहे. तुझ्या रक्तातलं कोलेस्टेरॉलसुद्धा त्यातलंच.” मग ती कोलेस्टेरॉलवर घसरली. पुढच्या वेळी तिने मोबाइलवर आलेला मजकूर दाखवला: मेथीत डायोसजेनिन असतं, त्याचं शरीरात हार्मोन होतं, म्हणून चाळिशीनंतर रोज मेथी खा. मेथीत डायोसजेनिन सॅपोनिनच्या रूपात असतं, हे खरं. त्याचं प्रोजेस्टेरॉन होतं ते मात्र मार्करसारख्याच्या फ्लास्कमध्ये. माणसाच्या शरीरात ते बदल घडवणारी विकरं नाहीत. आत्या थोडी नाराज झाली. “पण लाडू चांगले लागतात ना?” म्हणाली. त्यावर वाद नव्हता.

तुम्ही रेग्युलेटरी किंवा कंटेंटच्या बाजूला गेलात तर ‘त्याचं शरीरात हार्मोन होतं’ हे वाक्य पन्नास वेळा खोडावं लागेल, तयारी ठेवा. ‘नॅचरल प्रोजेस्टेरॉनयुक्त’ असं लेबल लिहून द्या म्हणणारा मार्केटिंगवाला प्रत्येक कंपनीत एक तरी असतो.

आता आमच्याकडे ट्रेनी येतात तेव्हा मी त्यांना पहिल्या दिवशी स्टँडर्डच्या कपाटासमोर उभं करते आणि लेबलं वाचायला लावते. मागच्या वर्षी मुरबाडकडचा एक मुलगा हेकोजेनिनपाशी अडला. मी सांगितलं, जेनिन आहे तर साखर गेलेली. ‘हेको’ आलं हेक्टिया नावाच्या अमेरिकेतल्या एका काटेरी झाडावरून. पण बाजारात येतं ते सिसालच्या पानांच्या चोथ्यातून, आणि त्यापासून कॉर्टिकोस्टेरॉईड बनवत आले आहेत. शिवाय याच्यात कीटोन आहे आणि नावात ‘ओन’ नाही, तेव्हा शेपटीवरही डोळे मिटून विसंबू नकोस.

“सिसाल म्हणजे घायपात का, मॅडम? आमच्या बांधावर आहे. आजा दोर वळायचा.”

“हो, तीच.”

दुसऱ्या दिवशी तो अर्धा तास उशिरा आला. पिशवीत घालून हातभर लांबीचं घायपाताचं पातं आणलं होतं त्याने, आणि गेटवरच्या सिक्युरिटीने इनवर्ड एंट्री नसलेला कच्चा माल आत सोडणार नाही म्हणून त्याला अडवून ठेवलं होतं.